दोनाचे दोन हजार अठ्ठेचाळीस

पोळ्याच्या आदल्या दिवशी नागपूरच्या इतवारीत पाय ठेवायला जागा नसते. शहीद चौकापासून मस्कासाथेकडे जाताना खांद्याला खांदा घासतो. झुली, बाशिंगे, घुंगरांच्या माळा, शिंगांना लावायचा हिंगूळ आणि बेगड यांची दुकाने रस्त्यावर आलेली असतात. तान्ह्या पोळ्यासाठी लाकडी नंदीबैल ओळीने मांडलेले असतात. २०२५ च्या पोळ्याला मीही मौद्याकडून तिथे गेलो होतो. बैलजोडीसाठी नवे कासरे घ्यायचे होते आणि नातवासाठी एक लहानसा नंदी. पाऊस लागला, परतीची गाडी चुकली आणि मुक्काम बहिणीकडे पडला. बहीण इतवारीतच राहते.

घरात पाऊल टाकले तर भाची कोपऱ्यात मोबाइल घेऊन बसलेली. अकरावीत शिकते, हुशार आहे. पण मोबाइलवर खेळ चाललेला पाहून माझे डोके फिरले. त्याला कारणही तसेच होते, ते पुढे सांगतो.

"का करून राहिली गं? अभ्यास नाही का?" मी जरा चढ्या आवाजात विचारले.

"झाला न मामाजी अभ्यास. हा आकड्यांचा खेळ आहे. तुम्ही पाहा तर खरं एकदा!"

रागारागाने मी पाहायला बसलो आणि रात्रीचे जेवण थंड झाले. वाचकहो, त्या रात्री इतवारीत जे शिकलो ते आज तुमच्यापुढे मांडतो. तुमच्या घरातही मोबाइल आहे आणि मुलेही आहेत. मुलांच्या हातातला प्रत्येक खेळ सारखा नसतो, हे आपण मोठ्यांनी समजून घेतले पाहिजे.

खेळ आहे तरी काय?

खेळाचे नाव आहे '२०४८'. मार्च २०१४ मध्ये इटलीतल्या गाब्रिएले चिरुल्ली नावाच्या १९ वर्षांच्या मुलाने तो शनिवार-रविवारच्या सुट्टीत तयार केला. त्याच वर्षी फेब्रुवारीत 'थ्रीज' नावाचा याच जातीचा एक खेळ आला होता, आणि '१०२४' नावाचाही एक होता. त्यांच्याच वाटेने हा निघाला. चिरुल्लीने तो सर्वांना फुकट खुला केला. मोबाइलच्या किंवा संगणकाच्या ब्राऊझरमध्ये तो उघडता येतो, वेगळे काही उतरवून घ्यावे लागत नाही. थोड्याच दिवसांत जगभर लोक तो खेळू लागले.

पट अगदी साधा आहे. चार ओळी, चार रांगा, मिळून १६ घरे. आपल्याकडे चावडीच्या दगडावर नवकंकरीचा पट कोरलेला असे, तसाच हा काचेवरचा पट समजा. सुरुवातीला दोन ठोकळे असतात. बोट खाली, वर, डावीकडे किंवा उजवीकडे फिरवले की सगळे ठोकळे त्या बाजूला सरकत जातात आणि अडेल तिथे थांबतात. सारखे आकडे एकमेकांवर आदळले की त्यांची बेरीज होऊन एकच ठोकळा उरतो. २ आणि २ चे ४, ४ आणि ४ चे ८, असे करत १६, ३२, ६४, १२८, २५६, ५१२, १०२४ आणि शेवटी २०४८. एका चालीत एक ठोकळा एकदाच जुळतो, हे ध्यानात ठेवावे.

प्रत्येक चालीनंतर रिकाम्या घरात एक नवा ठोकळा पडतो. सरासरीने दहांत नऊ वेळा तो २ असतो आणि एक वेळ ४. कुठल्या घरात पडेल ते आपल्या हाती नाही. सगळी घरे भरली आणि शेजारी शेजारी सारखे आकडे उरले नाहीत, की डाव संपला.

ऐकायला हे सोपे वाटते. मी पहिला डाव खेळलो तो १२८ वरच बुडाला. दुसराही तसाच. भाची हसून म्हणाली, "मामाजी, तुम्ही चारही बाजूनं बोट फिरवून राहिले. असं तर कोणीच नाही जिंकत."

पहिली गोष्ट : एक कोपरा धरा

पटाचा एक कोपरा निवडावा. समजा, खालचा डावा. सर्वांत मोठा आकडा त्या कोपऱ्यात ठेवायचा आणि तिथून हलू द्यायचा नाही. खळ्यात मेढ रोवली की बैल तिच्याभोवती फिरतात, मेढ जागा सोडत नाही. तसाच हा कोपऱ्यातला ठोकळा. मोठा ठोकळा पटाच्या मध्ये राहिला की लहान आकडे त्याच्या चारही बाजूंना अडकतात आणि जुळायला वाट उरत नाही. कोपऱ्यात दोन बाजूंना भिंत असते, म्हणून अडचण कमी होते.

दुसरी गोष्ट : दोनच दिशांचा व्यवहार

कोपरा खाली डावीकडे असेल तर चाली मुख्यतः दोनच, खाली आणि डावीकडे. या दोन्ही चालींत कोपऱ्यातला ठोकळा जागचा हलत नाही. तिसरी चाल उजवीकडची. खालची ओळ चारही घरे भरलेली असेल आणि तिच्यात शेजारी शेजारी सारखे आकडे नसतील तेव्हाच ती करावी. अशा वेळी खालची ओळ दगडासारखी घट्ट असते आणि वरच्याच ओळी हलतात.

इथे एक फसगत होते. समजा, खालची ओळ डावीकडून ५१२, ६४, ६४, ८ अशी आहे. ओळ भरली आहे म्हणून आपण बेफिकीर उजवीकडे ढकलतो. दोन ६४ जुळून १२८ होतात, ५१२ एक घर पुढे सरकतो आणि कोपरा रिकामा पडतो. तिथे एखादा २ येऊन बसला की सावलीतल्या रोपासारखा तो वाढत नाही आणि कोणाला वाढूही देत नाही. अशा वेळी डावीकडेच ढकलावे.

चौथी चाल वरची. तिला बंदीच समजावी. दुसरा उपायच उरला नाही तर करावी, आणि लगेच खाली यावे. डावी उभी रांग भरलेली असेल आणि तिच्यात वर-खाली सारखे आकडे नसतील, तर वरच्या चालीनेही कोपरा हलत नाही. पण घाईत हे कोण पाहतो?

तिसरी गोष्ट : नांगराच्या तासासारखी मांडणी

इथे मात्र शेतकऱ्याला शहरच्या माणसापेक्षा लवकर उमजेल, असे मला वाटते. आपण नांगर धरतो तेव्हा एका धुऱ्यापासून दुसऱ्या धुऱ्यापर्यंत जातो, तिथे वळतो आणि त्याच्याच शेजारून परत येतो. आकडेही तसेच मांडायचे. खालच्या ओळीत डावीकडून उजवीकडे मोठ्यापासून लहानापर्यंत आणि वरच्या ओळीत उलट, उजवीकडून डावीकडे. म्हणजे लहान आकडा नेहमी आपल्याहून जरा मोठ्याच्या शेजारी असतो, आणि वाढला की त्याला जुळायला जोडीदार तयार असतो.

भाचीने एक मांडणी दाखवली. ती मी बिलाच्या पाठीवर उतरवून घेतली. खालची ओळ डावीकडून ५१२, २५६, १२८, ६४. तिच्यावरची ओळ डावीकडून ८, ८, १६, ३२. आता पाहा.

उजवीकडे ढकला. ८ आणि ८ चे १६ होतात.
पुन्हा उजवीकडे. १६ आणि १६ चे ३२.
पुन्हा उजवीकडे. ३२ आणि ३२ चे ६४. हा ६४ खालच्या ६४ च्या बरोबर डोक्यावर येतो.
आता खाली. दोन्ही ६४ चे १२८.
आता डावीकडे. १२८ आणि १२८ चे २५६.
पुन्हा डावीकडे. २५६ आणि २५६ चे ५१२.
शेवटचे डावीकडे. ५१२ आणि ५१२ चे १०२४, आणि तोही कोपऱ्यातच.

सात चालींत आठ ठोकळ्यांचा एक झाला! मध्ये नवे २ किंवा ४ पडत राहतात, पण ते मागे राहतात आणि ही साखळी सहसा तुटत नाही. पाटाला पाणी सोडले की एकामागून एक वाफा भरत जातो, तसे ते दृश्य. मी नकळत "वा!" म्हटले. बहीण स्वयंपाकघरातून विचारू लागली, की काय झाले?

चौथी गोष्ट : घरे मोकळी ठेवा

नवशिका माणूस मोठ्या आकड्याकडे पाहतो. जाणता माणूस रिकाम्या घरांकडे पाहतो. पटावर सात-आठ घरे मोकळी असली की चुकीची चाल निभावून जाते. दोनच मोकळी उरली की एका चुकीत डाव जातो. म्हणून लहान आकडे साचू देऊ नयेत, वेळच्या वेळी जुळवावेत. तण लहान असतानाच निंदून काढतो तशीच ही गोष्ट आहे. पण जुळतात म्हणून लगेच जुळवण्याचाही मोह नको. त्या चालीने मोठ्या आकड्यांची ओळ मोडत असेल तर थोडे थांबावे.

पाचवी गोष्ट : हिशेब ठेवा, घाई नको

या खेळात एक सुंदर हिशेब दडला आहे. दोन ठोकळे जुळले तरी पटावरची एकूण बेरीज बदलत नाही. ४ आणि ४ जाऊन ८ आले, बेरीज तीच. ती वाढते फक्त नव्या ठोकळ्याने. दहा चालींत सरासरी नऊ वेळा २ आणि एकदा ४, म्हणजे २२. तेव्हा २०४८ गाठायला निदान ९३० च्या आसपास चाली लागणारच. त्याला जवळची वाट नाही. एका चालीला एक सेकंद धरला तरी पाव तास होतो, आणि विचार करून खेळले तर अर्धा-पाऊण तास.

यातूनच आणखी एक गोष्ट निघते. १०२४ आला म्हणजे डाव संपत आला असे वाटते, पण तिथे रस्ता अर्धाच झालेला असतो. बहुतेक लोक इथेच ढिले पडतात आणि हरतात. तुरीला फुलोरा आला म्हणजे तूर घरात आली असे आपण धरत नाही. मग इथे तरी का धरावे?

या खेळात घड्याळ नाही. तुम्ही दहा मिनिटे विचार केलात तरी कोणी रागावत नाही. त्या दिवसांत नागपुरात घरोघरी दिव्या देशमुखचे नाव निघत होते. जुलै २०२५ मध्ये जॉर्जियातल्या बाटुमी येथे या नागपूरच्या १९ वर्षांच्या मुलीने बुद्धिबळाचा महिला विश्वचषक जिंकला आणि ती ग्रँडमास्टर झाली. भाची म्हणाली, "तिच्यापुढं घड्याळ राहते, तरी ती विचार करते. आपल्यापुढं तर घड्याळच नाही न मामाजी, मग घाई काहून?" मला उत्तर सुचले नाही.

रात्री साडेदहाला मी ५१२ पर्यंत पोचलो. २०४८ काही झाला नाही, पण डोके कसे ताजे झाले होते!

दुसरी दुप्पट

आता सुरुवातीच्या रागाचे कारण सांगतो. सांगायला संकोच वाटतो, पण लपवून कोणाचे भले होत नाही.

त्याच उन्हाळ्यात माझ्या मुलाने मोबाइलवर पैसे लावण्याच्या एका पत्त्यांच्या खेळात १२,७०० रुपये घालवले. तुरीच्या पैशातले. खत घ्यायला गेलो तेव्हा मला कळले. घरात मोठे भांडण झाले. त्यानंतर आम्हा बापलेकांत कामापुरतेच बोलणे उरले होते. इतके पैसे गेले कसे, हे मी विचारले नाही आणि त्याने सांगितले नाही.

भाचीला ही गोष्ट ठाऊक होती. ती कागद घेऊन बसली आणि म्हणाली, "मामाजी, १०० पासून दुप्पट करत जा." मी लिहिले. १००, २००, ४००, ८००, १६००, ३२००, ६४००. "आता बेरीज करा." केली. बरोबर १२,७०० आली!

म्हणजे पोराने पहिल्या डावात शंभर घालवले. ते परत मिळवायला दोनशे लावले. तेही गेले म्हणून चारशे. गेलेले एका डावात वसूल होईल या आशेने तो सहा वेळा दुप्पट करत गेला. आणखी तीन वेळा हरला असता तर आकडा १,०२,३०० वर गेला असता. दुप्पट ही अशी चीज आहे. ती आपल्या बाजूची असली तर दोनाचे दोन हजार अठ्ठेचाळीस होतात. उलटली तर घर धुऊन नेते. सावकाराचे कर्ज दरमहा शेकडा दोन रुपयांनी घेतले आणि व्याज मुदलात चढत गेले, तर साधारण तीन वर्षांत ते दुप्पट होते, सहा वर्षांत चौपट, नऊ वर्षांत आठपट. हा पाढा पोरांनी कागदावर एकदा तरी करून पाहावा.

योगायोग असा, की त्याच आठवड्यात दिल्लीत यावर कायदा झाला. ऑनलाइन खेळांचे नियमन करणारे विधेयक संसदेने २१ ऑगस्ट २०२५ रोजी संमत केले आणि दुसऱ्या दिवशी राष्ट्रपतींची मंजुरी मिळाली. पैसे लावून खेळायचे ऑनलाइन खेळ चालवणे, त्यांची जाहिरात करणे आणि बँकांनी त्यांचे व्यवहार करणे यांवर या कायद्याने बंदी घातली. असा खेळ चालवणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक कोटी रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. खेळणाऱ्याला मात्र शिक्षा नाही. त्याला फसलेला माणूस मानले आहे. म्हणून कोणाच्या घरी असे घडले असेल तर भीतीपोटी लपवू नये. मोबाइलवरून पैशांची फसवणूक झाल्यास १९३० या क्रमांकावर लगेच कळवावे. जितके लवकर कळवाल तितकी रक्कम अडवण्याची आशा जास्त.

मुलांचा खेळ चांगला की वाईट, हे ओळखायला माझ्या मते तीन प्रश्न पुरेत. खेळात पैसे लावावे लागतात काय? हरल्यावर 'आणखी टाका' असे तो म्हणतो काय? आणि खेळून उठल्यावर पोर त्याबद्दल मोकळेपणी सांगते की लपवते? २०४८ मध्ये हरलात तर पट पुसायचा आणि नवा मांडायचा. गेले ते फक्त अर्धा तास. पण अर्धा तासही मोलाचा असतो, तेव्हा दिवसाला एक डाव, दोन डाव, एवढी मर्यादा घरात ठरवून घ्यावी.

मोबाइल नसेल तर

आकड्यांच्या खेळाला मोबाइलच लागतो असे नाही. पाटी पुरते. देवळालीला राहणारे दत्तात्रय रामचंद्र कापरेकर हे साधे शाळामास्तर. १९०५ साली डहाणूला जन्मले, १९८६ साली वारले. आकड्यांशी खेळता खेळता १९४९ साली त्यांना एक चमत्कार सापडला आणि आज जगभर तो त्यांच्या नावाने ओळखला जातो.

चार अंकी कोणतीही संख्या घ्या, फक्त चारही अंक सारखे नकोत. अंक मोठ्यापासून लहान असे मांडा, मग लहानापासून मोठे असे मांडा, आणि वजाबाकी करा. उत्तराचे पुन्हा तसेच करा. आपण २०१४ घेऊ. ४२१० वजा ०१२४ म्हणजे ४०८६. पुढे ८६४० वजा ०४६८ म्हणजे ८१७२. मग ७४४३, मग ३९९६, मग ६२६४, मग ४१७६ आणि शेवटी ६१७४. आता ६१७४ चे करून पाहा, पुन्हा ६१७४ च येते. कुठूनही निघा, जास्तीत जास्त सात वजाबाक्यांत तुम्ही ६१७४ वर पोचताच. संध्याकाळी लेकरांना पाटी देऊन बसवा आणि कोण किती पायऱ्यांत पोचतो ते पाहा.

घरी आल्यावर

दुसऱ्या दिवशी पोळा. सकाळच्या पहिल्या गाडीने परतलो. बैल धुतले, सजवले, तोरणाखाली उभे केले. त्याच्या दुसऱ्या दिवशी तान्हा पोळा. तिकडे इतवारीत काळी आणि पिवळी मारबत निघाल्या असतील आणि लोकांनी गावाची इडापिडा त्यांच्याबरोबर वेशीबाहेर धाडली असेल. इकडे नातू लाकडी नंदी ओढत बोजारा मागायला घरोघर गेला. ओसरीवर मी आणि मुलगा दोघेच उरलो.

मी त्याला म्हटले, "तुझ्या मोबाइलवर एक खेळ लावून दे. पैशाचा नाही." त्याने आधी माझ्याकडे पाहिले, मग लावून दिला. मी कोपरा धरला, खाली-डावीकडे, खाली-डावीकडे. तो बाजूला बसून पाहत होता. २५६ वर मी अडकलो. तो हळूच म्हणाला, "बाबा, वर नका जाऊ. डावीकडे घ्या."

मग खिशातला इतवारीचा कागद काढून मी त्याच्यापुढे ठेवला. १०० पासून ६४०० पर्यंतची सात ओळींची बेरीज. त्याने ती पाहिली, बराच वेळ पाहिली, आणि म्हणाला, "असंच झालं होतं, बाबा." एवढेच. त्या दिवशी खताचे नाही, पैशाचे नाही, दुसरे काहीच बोलणे झाले नाही. पण संध्याकाळी गोठ्यात वैरण टाकायला तो न सांगता माझ्याबरोबर आला.

२०४८ अजून आमच्या घरात कोणाचा झालेला नाही. पोराचा १०२४ झाला आहे. मी त्याला सांगून ठेवले आहे, की हा अर्धाच रस्ता आहे, कोपरा सोडू नकोस.